तिसांहून अधिक पत्रं आणि एक होकार

कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्याजवळ व्हँकुव्हर नावाचं एक मोठं बेट आहे. त्याच्या दक्षिण टोकाला व्हिक्टोरिया हे शहर वसलं आहे. या शहरात सेंट मायकल्स युनिव्हर्सिटी स्कूल नावाची एक जुनी निवासी शाळा आहे. १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला इयन हाइड-ले तिथे बास्केटबॉलचे कोच होते. त्यांच्या संघात शाळेच्या शेवटच्या वर्षाला असलेला एक मुलगा होता, स्टीव्ह नॅश.

या मुलासाठी हाइड-ले यांनी पत्रं लिहायला घेतली. अमेरिकेतल्या विद्यापीठांच्या कोचना ते कळवत, की आमच्याकडे एक मुलगा आहे, त्याचा खेळ एकदा पाहावा. सोबत सामन्यांतल्या निवडक दृश्यांची व्हिडिओ कॅसेट पाठवत. अशी पत्रं तिसांहून अधिक विद्यापीठांना गेली. या पत्रांतून कोचना स्वतःला काहीच मिळणार नव्हतं. मुलगा शाळा संपवून जाणार होता, त्याच्या पुढच्या खेळाचं श्रेय दुसऱ्याच कुणाच्या तरी नावावर लागणार होतं. तरी ते लिहीत राहिले.

मुलाची हकिगतही जरा वेगळी होती. वडील जॉन इंग्लंडचे, आई जीन वेल्सची. वडील व्यावसायिक फुटबॉलपटू होते. खेळाच्या निमित्ताने हे कुटुंब दक्षिण आफ्रिकेत असताना ७ फेब्रुवारी १९७४ रोजी जोहान्सबर्गमध्ये स्टीव्हचा जन्म झाला. तिथे तेव्हा वर्णभेदाची राजवट होती. माणसाला कातडीच्या रंगावरून तोलणाऱ्या समाजात आपली मुलं वाढू नयेत, म्हणून आईवडिलांनी तो देश सोडला आणि ते कॅनडात आले. आधी रेजायना, मग व्हिक्टोरिया.

घरात फुटबॉल होता, शेजारीपाजारी आइस हॉकी होती. स्टीव्ह दोन्ही खेळला, रग्बीही खेळला. त्याचा धाकटा भाऊ मार्टिन तर पुढे कॅनडाच्या राष्ट्रीय फुटबॉल संघात गेला. बास्केटबॉल स्टीव्हच्या हाती आला तो बारा-तेरा वर्षांचा असताना. आठवीत असतानाच त्याने आईला सांगून टाकलं, की एक दिवस मी एनबीएत, व्यावसायिक बास्केटबॉलच्या सर्वोच्च लीगमध्ये, खेळेन. त्या वयात मुलं अशी वाक्यं बोलतात आणि विसरतात. हा विसरला नाही. मधे अभ्यासात घसरण झाली तेव्हा आईवडिलांनी त्याची शाळा बदलली, आणि तो हाइड-ले यांच्या हाताखाली आला.

शाळेच्या शेवटच्या मोसमात, म्हणजे १९९१-९२ मध्ये, तो सामन्यामागे सरासरी २१ गुण, ११ असिस्ट आणि ९ रिबाउंड (नेम हुकून परतलेले चेंडू) मिळवत होता. संघाने ब्रिटिश कोलंबिया प्रांताचं अजिंक्यपद जिंकलं. तो प्रांतातला सर्वोत्तम शालेय खेळाडू ठरला.

त्याची जागा पॉइंट गार्डची होती. पाच जणांच्या संघात चेंडू पुढे आणायचा, चाल ठरवायची आणि योग्य क्षणी योग्य सोबत्याच्या हातात चेंडू द्यायचा, हे पॉइंट गार्डचं काम. त्याने दिलेल्या पासवर सोबत्याने लगेच बास्केट केली, तर गुण सोबत्याच्या नावावर जातात आणि पास देणाऱ्याच्या नावावर एक असिस्ट लिहिला जातो. प्रेक्षक टाळ्या वाजवतात त्या बहुधा बास्केट करणाऱ्यासाठी. पॉइंट गार्डला हे मनापासून आवडावं लागतं. स्टीव्हला ते आवडत होतं. अकरा असिस्टची सरासरी म्हणजे सामन्यामागे साधारण अकरा वेळा त्याने दुसऱ्याचं काम सोपं करून दिलं होतं.

आणि तरीही पत्रांना होकार येईना.

याचं कारण दुष्टपणा नव्हता. बास्केटबॉल शोधून काढणारे जेम्स नाइस्मिथ हे कॅनडात जन्मलेले, हे खरं. १८९१ मध्ये अमेरिकेतल्या स्प्रिंगफील्ड गावी शिकवत असताना त्यांनी हा खेळ रचला. पण शंभर वर्षांनंतर अमेरिकी कोचच्या मनात कॅनडा म्हणजे आइस हॉकीचा देश होता. तिथल्या शाळकरी मुलांविरुद्ध कुणी कितीही गुण केले, तरी समोरचा संघ किती तोलामोलाचा होता हे कॅसेट पाहून सांगता येत नसे. मुलाची उंची ६ फूट ३ इंच. आपल्याकडे हे उंच, पण त्या खेळात साधारणच. अंगकाठी सडपातळ. उडी बेताची. मोठ्या विद्यापीठांकडे गावोगावहून अशा कॅसेट येत असत. इंटरनेटवर कुणाचाही खेळ पाहता येण्याचे ते दिवस नव्हते. ज्याला कुणी प्रत्यक्ष पाहिलं नाही, तो त्या जगात नव्हताच.

होकार आला तो एका ठिकाणाहून.

कॅलिफोर्नियात, सॅन फ्रान्सिस्कोच्या दक्षिणेला सांता क्लारा विद्यापीठ आहे. १८५१ मध्ये जेझुइट धर्मगुरूंनी स्थापन केलेली ही संस्था. आज या परिसराला सिलिकॉन व्हॅली म्हणून ओळखतात आणि तिथे मराठी कुटुंबंही मोठ्या संख्येने राहतात. पण बास्केटबॉलच्या नकाशावर सांता क्लारा म्हणजे लहानसं ठाणं. नामांकित खेळाडू तिथे वळत नसत. त्यामुळे तिथल्या कोचना, डिक डेव्ही यांना, इतरांच्या नजरेतून सुटलेली मुलं शोधणं भागच होतं. त्यांनी स्टीव्हच्या खेळाची दृश्यं मागवली. ती पाहिल्यावर ते स्वतः कॅनडात, त्याच्या शाळेची प्रांतिक स्पर्धा पाहायला गेले.

तिथे बसून त्यांना दोन गोष्टी एकाच वेळी दिसल्या. पहिली ही, की हा मुलगा फार चांगला आहे, इतका की आणखी कुणा बड्या विद्यापीठाच्या कोचची नजर याच्यावर पडू नये अशी धाकधूक त्यांना सामनाभर लागून राहिली. दुसरी गोष्ट त्यांनी मुलाला तोंडावर सांगितली. तुझ्याइतका वाईट डिफेन्स मी आजवर कुणाचा पाहिलेला नाही, असं ते म्हणाले.

इथे जरा थांबून विचार करू. एक कोच दुसऱ्या देशातून मुलाला पाहायला येतो. मुलाकडे दुसरा कुठलाच प्रस्ताव नाही. कोचला मुलगा हवा आहे, दुसरीकडे निसटू नये अशी भीतीही आहे. अशा वेळी गोड बोलणं सोपं होतं. डेव्ही यांनी तसं केलं नाही. शिष्यवृत्ती देऊ केली आणि उणीवही सांगितली. जिथे विश्वास टाकायचा तिथे सत्यही सांगायचं, ही त्यांची रीत.

आणि मुलगा? प्रांताचा सर्वोत्तम खेळाडू, विजेत्या संघाचा कर्णधार शोभावा असा मुलगा. आजूबाजूला कौतुकाचा वर्षाव चालू असताना कानावर हे वाक्य पडतं. चिडायला, रुसायला, मनातल्या मनात कोचला नावं ठेवायला अठराव्या वर्षी एवढं कारण पुरतं. स्टीव्हने ते बोलणं मुकाट्याने पदरात घेतलं आणि १९९२ च्या शरद ऋतूत तो सांता क्लाराला दाखल झाला.

पहिल्याच आठवड्यांत त्याला कळून चुकलं, की शाळेतलं राज्य संपलं. संघात जॉन वूलेरी नावाचा त्याच्याहून मोठा गार्ड होता. बचावात हा वूलेरी वाघ. सरावात तो स्टीव्हच्या अंगाला चिकटून उभा राही. कॅनडात ज्या मुलाला कुणी अडवू शकलं नव्हतं, त्याला इथे चेंडू हाफ कोर्टच्या रेषेपर्यंत नेणं मुश्कील झालं. हातातून चेंडू जाई, पुन्हा चेंडू मिळे, पुन्हा जाई. ज्याचं कामच चेंडू पुढे नेण्याचं, त्याला तेवढंही जमू नये, याहून मोठी नामुष्की पॉइंट गार्डला नाही. आपण खरंच या दर्जाचे आहोत का, ही शंका त्या दिवसांत त्याच्या मनात येऊन गेली.

या शंकेवर त्याने शोधलेला उपाय साधा होता. सराव संपला, की रात्री तो पुन्हा कोर्टवर जाई. टोसो पॅव्हेलियन हे तेव्हाचं विद्यापीठाचं क्रीडागृह. बाकीची मुलं मित्रांसोबत बाहेर गेलेली असत, तेव्हा हा एकटा तिथे नेम धरत असे. चेंडू हाताळणं पक्कं व्हावं म्हणून टेनिसचा चेंडू ड्रिबल करत तो विद्यापीठाच्या आवारात फिरायचा. बास्केटबॉलचा मोठा चेंडू तळहातात मावत नाही, पण पसरलेल्या बोटांवर तो सांभाळता येतो. टेनिसचा चेंडू लहान, जरा लक्ष चुकलं की पळतो. त्याला न बघता खेळवता आलं, तर मोठा चेंडू आपोआप हुकमात येतो. वर्गात जाताना, वर्गातून येताना त्याचा हात चालूच असे.

दुसऱ्या दिवशी सरावात वूलेरी पुन्हा उभा असे. तो दयामाया दाखवत नव्हता, आणि त्याने ती दाखवली नाही हे बरंच झालं. सरावात जो रोज आडवा आला, त्यानेच सामन्यातल्या कुठल्याही बचावासाठी या मुलाला तयार केलं. स्पर्धक सोबती मिळणं हे भाग्य असतं. ते त्या वेळी भाग्यासारखं दिसत नाही, एवढंच.

तो पहिला मोसम स्टीव्हने सामन्यामागे सुमारे ८ गुणांच्या सरासरीने काढला. डोळे दिपावेत असं काही नाही. पण मार्च १९९३ मध्ये वेस्ट कोस्ट कॉन्फरन्स या विद्यापीठांच्या गटाची स्पर्धा आली आणि सांता क्लाराचा संघ अंतिम सामन्यात पोहोचला. समोर पेपरडाइन, स्पर्धेतला अग्रमानांकित संघ. त्या सामन्यात स्टीव्हने २३ गुण केले, सांता क्लारा जिंकलं आणि स्पर्धेचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून त्याची निवड झाली. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला हा मान त्या स्पर्धेत तोवर कधीच मिळाला नव्हता.

त्या विजयाने एनसीएए या विद्यापीठांच्या राष्ट्रीय स्पर्धेचं दार उघडलं. तेव्हा देशभरातले ६४ संघ, चार विभाग, प्रत्येक विभागात १ ते १६ मानांकनं. हरलात की घरी. सांता क्लाराला मानांकन मिळालं १५. म्हणजे गाठ पडणार दुसऱ्या मानांकनाच्या संघाशी, आणि तो संघ होता अ‍ॅरिझोना. देशातल्या सर्वोत्तम संघांत गणला जाणारा, पुढे एनबीएत गेलेले खेळाडू बाळगणारा. पंधराव्या मानांकनाने दुसऱ्याला हरवण्याची घटना ६४ संघांच्या या स्पर्धेत त्याआधी एकदाच घडली होती, १९९१ मध्ये.

१८ मार्च १९९३. सॉल्ट लेक सिटी. पहिल्या सत्रात सांता क्लाराने आश्चर्यकारक आघाडी घेतली, ३३-२१. मग अ‍ॅरिझोनाला जाग आली. त्यांनी सलग २५ गुण केले. या काळात सांता क्लाराला एकही गुण मिळाला नाही. फलक ४६-३३ असा उलटला. हा सामना पाहणाऱ्या कुणालाही वाटलं असतं, की झालं, लहानांची हौस फिटली. पण सांता क्लाराची मुलं तुटली नाहीत. एकेक बास्केट करत त्यांनी अंतर कापलं आणि पुन्हा आघाडी घेतली.

शेवटचं सुमारे अर्धं मिनिट उरलं. मागे पडलेला संघ अशा वेळी मुद्दाम फाउल करतो. घड्याळ थांबतं, समोरच्याला फ्री थ्रो मिळतात आणि ते चुकावेत अशी आशा धरायची असते. अ‍ॅरिझोनाने फाउल केले ते त्या पहिल्या वर्षाच्या मुलावर. फ्री थ्रोची रेषा बास्केटपासून १५ फुटांवर असते. तिथे कुणी अडवायला येत नाही आणि कुणी मदतीलाही येत नाही. बाकी नऊ जण नुसते पाहत उभे राहतात. एकोणीस वर्षांचा स्टीव्ह त्या रेषेवर गेला आणि त्याने सलग सहा फ्री थ्रो बास्केटमध्ये टाकले.

सांता क्लारा ६४, अ‍ॅरिझोना ६१.

त्या सहा फेकी पाहणाऱ्यांना त्या सॉल्ट लेक सिटीतल्या वाटल्या असतील. त्या घडल्या होत्या रात्रीच्या रिकाम्या क्रीडागृहात, कुणी पाहत नसताना. ज्याने एकटेपणात हजारदा तो नेम धरला आहे, त्याला गर्दीत एकटं उभं राहण्याची भीती वाटत नाही.

गोष्ट इथे संपली असती, तर फार गोंडस झाली असती. पण खऱ्या आयुष्यात विजयानंतरचा दिवसही उगवतो. पुढच्याच फेरीत टेंपल विद्यापीठाने सांता क्लाराला हरवलं. आणि दुसऱ्या वर्षी, १९९३-९४ मध्ये, स्टीव्हची सरासरी वाढून १४-१५ गुणांवर गेली तरी संघ ढेपाळला. जिंकलेल्या सामन्यांपेक्षा हरलेले सामने जास्त झाले, एनसीएए स्पर्धा दूर राहिली. एका सामन्याने झालेलं नाव वर्षभर पुरत नाही, हेही त्याने वेळेवर शिकून घेतलं.

तिसऱ्या वर्षी त्याच्या कष्टांना फळ आलं. सामन्यामागे जवळपास २१ गुण आणि सहाहून अधिक असिस्ट. गुणांतही कॉन्फरन्समध्ये पहिला, असिस्टमध्येही पहिला. कॉन्फरन्समधला वर्षाचा सर्वोत्तम खेळाडू हा किताब त्याला मिळाला. आता मोह समोर आला. पदवी अर्धवट सोडून व्यावसायिक खेळात जावं का? त्याने चौकशी केली. एनबीएच्या खेळाडू निवडीत पहिल्या फेरीत नाव लागण्याची शक्यता कमी आहे, असं कळलं. तो विद्यापीठातच थांबला. चौथ्या वर्षी पुन्हा तोच किताब मिळवला. मधल्या सुट्ट्यांत जेसन किड आणि गॅरी पेटन यांच्यासारख्या एनबीएतल्या नामांकित गार्डांशी तो खेळत असे. आपल्याहून वरचढ माणसाशी खेळायचं, हा वूलेरीकडून मिळालेला धडा त्याने सोडला नाही.

मार्च १९९६ मध्ये एनसीएए स्पर्धेत दहाव्या मानांकनाच्या सांता क्लाराने सातव्या मानांकनाच्या मेरीलँडला ९१-७९ असं हरवलं. स्टीव्हचे २८ गुण आणि १२ असिस्ट. पुढच्या फेरीत कॅन्ससने सांता क्लाराचा धुव्वा उडवला आणि त्याची महाविद्यालयीन कारकीर्द संपली. चार वर्षांत ५१० असिस्ट, विद्यापीठाच्या इतिहासात तेव्हा सर्वाधिक. समाजशास्त्राची पदवी हातात. ज्या मुलाला पहिल्या वर्षी चेंडू हाफ कोर्टपलीकडे नेता येत नव्हता, तो विद्यापीठाचा सर्वांत मोठा पासर होऊन बाहेर पडला.

२६ जून १९९६ रोजी एनबीएची खेळाडू निवड झाली. त्यात संघ आळीपाळीने नवे खेळाडू घेतात. पंधराव्या क्रमांकावर फिनिक्स सन्स या संघाने स्टीव्ह नॅशचं नाव पुकारलं, आणि फिनिक्समध्ये जमलेल्या संघाच्याच चाहत्यांनी हुर्यो उडवली. कुठल्याशा लहान विद्यापीठातला हा कोण कॅनेडियन, असा त्यांचा रोख होता. पहिल्या मोसमात तो सामन्यामागे जेमतेम दहा मिनिटं खेळला. त्याच्या जागेवर संघात केव्हिन जॉन्सन होता, मग जेसन किडही आला. १९९८ मध्ये त्याला डॅलसला पाठवण्यात आलं, तिथेही सुरुवातीला त्याच्या वाट्याला प्रेक्षकांची नाराजी आली.

पण अशा गोष्टींनी मोडेल असा तो राहिला नव्हता. दार बंद असणं त्याला अठराव्या वर्षीच ओळखीचं झालं होतं. डॅलसमध्ये तो अव्वल दर्जाचा गार्ड झाला. २००४ मध्ये तो फिनिक्सला परतला आणि २००५ व २००६ अशी लागोपाठ दोन वर्षं एनबीएचा सर्वांत मोलाचा खेळाडू ठरला. हा किताब मिळवणारा तो पहिला कॅनेडियन. हुर्यो ज्या शहरात झाली होती, त्याच शहरात हे घडलं. २०१५ मध्ये निवृत्त झाला तेव्हा त्याच्या नावावर १०,३३५ असिस्ट होते आणि एनबीएच्या इतिहासात त्याच्या पुढे दोघेच होते, जॉन स्टॉकटन आणि जेसन किड. फ्री थ्रोमध्ये तर शंभरातले नव्वद तो घालत असे. २०१८ मध्ये त्याला बास्केटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये मानाचं स्थान मिळालं. २००१ मध्ये त्याने मुलांसाठी एक प्रतिष्ठान सुरू केलं. प्रतिष्ठानाच्या मदतीने पॅराग्वेमधल्या रुग्णालयात लहान मुलांच्या हृदयशस्त्रक्रियेनंतरच्या उपचारांचा विभाग उभा राहिला.

हे सगळं सांगितलं ते यशाची यादी वाढवण्यासाठी नाही. दहा हजारांवर असिस्ट देणाऱ्या या माणसाला सुरुवातीला इतरांनी काय काय दिलं, ते बघण्यासारखं आहे. हाइड-ले यांनी त्याला ओळख मिळवून दिली. डेव्ही यांनी संधी दिली आणि तिच्यासोबत कडू सत्यही दिलं. वूलेरीने रोजचा विरोध दिला. या तिघांपैकी एकालाही त्या क्षणी ठाऊक नव्हतं, की समोरचा मुलगा पुढे जगातला सर्वोत्तम पॉइंट गार्ड होणार आहे. भविष्य ठाऊक असताना मदत करायला सगळेच पुढे येतात. यांनी ते ठाऊक नसताना आपलं काम मनापासून केलं.

आणि तरीही या तिघांचं दिलेलं वाया जाऊ शकलं असतं. पत्रांना होकार येत नाही म्हणून मुलगा खचला असता, तर हाइड-ले यांची मेहनत फुकट गेली असती. उणीव ऐकून तो दुखावला असता, तर डेव्ही यांचं बोलणं केवळ एक अपमान होऊन राहिलं असतं. वूलेरीला टाळून तो कोपऱ्यात उभा राहिला असता, तर त्या विरोधातून काहीच घडलं नसतं. पावसाचं पाणी सगळ्या शेतांवर सारखंच पडतं, बांध नीट घातलेला असेल तिथेच ते मुरतं. स्टीव्ह नॅशने स्वतःचा बांध रोज रात्री घातला होता.

आपल्याकडे अनेकदा याच्या उलट समजूत दिसते. गुणी मूल असलं की ते आपोआप वर येईल, असं म्हणून मोठी माणसं मोकळी होतात. तसं होत नाही. व्हिक्टोरियातला तो मुलगा गुणी होताच. तरी त्याच्या कोचने पुन्हा पुन्हा नकार पचवून त्याचं नाव पुढे केलं नसतं, तर ते गुण बेटावरच राहिले असते. आणि तरुण मुलांची समजूत याच्या दुसऱ्या टोकाला असते. एकदा नकार मिळाला, की ते त्याला आपल्या लायकीचा निकाल समजतात. नकार देणाऱ्या कोचपैकी बहुतेकांनी तर या मुलाला खेळताना पाहिलंही नव्हतं. ज्यांनी आपल्याला पाहिलंच नाही, त्यांच्या नकारावरून स्वतःची किंमत ठरवायची कशाला? आणि ज्याने पाहिलं आहे, त्याने सांगितलेली उणीव मात्र कानाआड करू नये. स्टीव्हने हा विवेक अठराव्या वर्षी दाखवला. न पाहणाऱ्यांचा नकार त्याने मनाला लावून घेतला नाही, आणि पाहणाऱ्याची टीका डोक्यात पक्की बसवली.

तात्पर्य एवढंच. कुणीही एकट्याने मोठा होत नाही, पण दुसऱ्याने दिलेलं झेलण्यासाठी हात मात्र आपलेच तयार असावे लागतात.

म्हणून शिक्षकांना, प्रशिक्षकांना आणि घरातल्या वडीलधाऱ्यांना एक विनंती आहे. तुमच्या वर्गात, मैदानावर, गल्लीत एखादं मूल खरोखर चांगलं काही करताना दिसलं, तर नुसतं कौतुक करून थांबू नका. त्याच्यासाठी योग्य ठिकाणी शब्द टाका. एकदा टाकून भागलं नाही, तर पुन्हा टाका. त्याची उणीव दिसली, तर तीही प्रेमाने आणि स्पष्टपणे त्याला सांगा. आणि मुलांनो, तुमच्यासाठी कुणी शब्द टाकला असेल, तर त्याचं चीज करा. मग आपली वेळ येईल तेव्हा दुसऱ्या कुणासाठी तसाच शब्द टाकायला विसरू नका.